पगाराची स्लिप दाखवताना शरीयत आठवते
‘बाई कोर्टात गेली म्हणजे शरीयत सोडली’ हे वाक्य आपल्याकडे नेमकं नवऱ्याला मिळकत उघड करायची वेळ आली की ऐकू येतं. नफका ही मेहेरबानी नव्हे. शाफई फिकहात तर बायकोचा थकलेला नफका नवऱ्यावरचं कर्ज मानला जातो. आपल्या कोकणी घरांत हे कुणी बोलत नाही, ही गोष्ट वेगळी.

1985 मध्ये शाहबानोच्या दरमहा 179 रुपये 20 पैशांवरून देशभर गदारोळ झाला. तेलंगणाच्या अब्दुल समद प्रकरणात वाद होता अंतरिम पोटगीच्या दरमहा 10,000 रुपयांचा! सुप्रीम कोर्टाने 10 जुलै 2024 ला तलाकशुदा मुस्लिम स्त्रीचा कलम 125 खालचा हक्क पुन्हा मान्य केला. आता ते कलम 144 झालंय.

नोटीस बजावल्यापासून शक्यतो 60 दिवसांत अंतरिम अर्ज निकाली काढावा, असं कायदा म्हणतो. प्रत्यक्षात तारखांवर तारखा पडतात, आणि तोवर दूध, फी, घरभाडं माहेरच्यांच्या माथी. रजनेश विरुद्ध नेहा निकालाने 2020 मध्येच दोघांनाही मालमत्ता-देण्यांचं प्रतिज्ञापत्र सक्तीचं केलं, पोटगीही अर्जाच्या तारखेपासून. नवरा मुद्दाम टाळाटाळ करत राहिला तर त्याचा बचाव काढून टाकायचा अधिकार कोर्टाला आहे. तो वापरा, असा लेखी अर्ज वकिलाला पुढच्या तारखेलाच द्यायला लावा.