पडताळणी कठोर हवी, निर्णय सकारण हवा

आदिवासी विकास आयुक्तालयाचे मुख्यालय नाशिकला आहे आणि जिल्ह्याच्या पेठ, सुरगाणा, कळवण, त्र्यंबकेश्वर या तालुक्यांत महादेव कोळी, कोकणा, वारली, भिल्ल, ठाकूर या जमातींची मोठी वस्ती आहे. जमातीचा दाखला खरा की खोटा, हा प्रश्न येथे केवळ कागदापुरता उरत नाही. खोट्या दाखल्यावर मिळवलेली वैद्यकीय महाविद्यालयातील एक जागा ही सुरगाण्याच्या एखाद्या पाड्यावरील मुलाच्या हातून गेलेली जागा असते. परंतु खऱ्या आदिवासीचा दाखला चुकीने रद्द होणे हाही तेवढाच गंभीर अन्याय आहे. न्यायालयीन पुनर्विलोकनाची खरी गरज आहे ती हे दोन्ही अन्याय टाळण्यासाठी.

या वादाचे मूळ नामसाधर्म्यात आहे. 'महादेव कोळी' ही अनुसूचित जमात. पण जुन्या शाळेच्या रजिस्टरात नुसते 'हिंदू कोळी' लिहिलेले असते. 'ठाकूर' हे जमातीचे नाव आहे, तसेच ते इतर जातींतही आढळते. पूर्वी ठाकूर जमातीला नाशिक जिल्ह्यात इगतपुरी, नाशिक, सिन्नर अशा ठरावीक तालुक्यांतच मान्यता होती. १९७६ च्या कायद्याने ही क्षेत्रबंधने उठली. बंधनामुळे वंचित राहिलेल्या खऱ्या आदिवासींना न्याय मिळाला आणि त्याच वाटेने नामसाधर्म्याचा लाभ उठवणारेही आत शिरले.

या घुसखोरीला आवर घालण्यासाठी सर्वोच्च न्यायालयाने १९९४ साली महादेव कोळी जमातीच्याच एका दाव्यात तपासणी समिती व दक्षता पथकाची चौकट घालून दिली आणि चौकशी दोन महिन्यांत संपवावी, असे सांगितले. महाराष्ट्राचा कायदा ऑक्टोबर २००१ मध्ये अंमलात आला. जात सिद्ध करण्याची जबाबदारी दावेदारावर आली. समितीचा निर्णय अंतिम ठरला. त्याला आव्हान द्यायचे तर घटनेच्या कलम २२६ खाली केवळ उच्च न्यायालयातच.

मात्र उच्च न्यायालय ही दुसरी तपासणी समिती नव्हे. पुरावा नव्याने तोलणे हे त्याचे काम नाही. समितीने कायद्याने घालून दिलेली रीत पाळली का, महत्त्वाचा पुरावा डावलला का, हे ते पाहते. अमरावतीच्या तत्कालीन खासदार नवनीत राणा यांचा दाखला उच्च न्यायालयाने २०२१ मध्ये रद्द केला होता. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२४ मध्ये तो निर्णय फिरवताना हीच मर्यादा अधोरेखित केली.

रीत पाळण्याचा आग्रह मात्र न्यायालयांनी सोडलेला नाही. स्वातंत्र्यपूर्व नोंदींना अधिक वजन द्यावे आणि देवदेवता, चालीरीती, बोली यांवर आधारलेली आप्तभाव चाचणी ही निर्णायक कसोटी मानू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये सांगितले. ठाकूर जमातीच्या प्रकरणात मार्च २०२३ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ते पुन्हा ठामपणे मांडले. दोन पिढ्या शहरात राहिलेल्या कुटुंबातील मुलीला पाड्यावरचे विधी सांगता आले नाहीत, म्हणून ती आदिवासी नाही, हा निष्कर्ष कोणत्या न्यायात बसतो? कागदपत्रांनी समाधान झाले नाही, तरच समितीने कारणे नोंदवून प्रकरण दक्षता पथकाकडे पाठवावे, असेही या पीठाने स्पष्ट केले.

याचा अर्थ न्यायालये मवाळ झाली, असा मुळीच नव्हे. हलबा-कोष्टी प्रकरणात २००० साली घटनापीठाने राष्ट्रपतींच्या आदेशातील यादीत एका शब्दाचाही फेरफार करण्यास नकार दिला. जुलै २०१७ मध्ये तर अवैध दाखल्यावर मिळालेली नोकरी केवळ दीर्घ सेवेच्या सबबीवर टिकणार नाही, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने दिला. त्यानंतर राज्य शासनाने डिसेंबर २०१९ मध्ये अशा कर्मचाऱ्यांसाठी अकरा महिन्यांच्या अधिसंख्य पदांचा मार्ग काढला. वेळेवर पडताळणी न झाल्याची किंमत शेवटी कोण मोजतो, हे यावरून दिसते. कर्मचारी उतारवयात उपजीविकेला मुकतो आणि ज्याची जागा गेली, त्या आदिवासी तरुणाचे वय परत येत नाही.

म्हणून उपाय कठोरता कमी करण्यात नाही. प्रवेशाच्या वा नोकरीच्या आधीच निर्णय व्हावा. समितीचा प्रत्येक निर्णय सकारण असावा. वडिलांना वा सख्ख्या भावाला रीतसर चौकशीनंतर वैधता मिळालेली असेल, तर फसवणुकीचा पुरावा नसताना मुलाला पुन्हा नव्याने खेटे घालायला लावू नयेत. नाशिकच्या समितीने कारणे न देता फेटाळलेला दावा घेऊन पेठच्या शेतमजुराने मुंबईत उच्च न्यायालयाची पायरी चढावी, ही अपेक्षाच क्रूर आहे. ज्यांना वकील परवडत नाही, त्यांच्यासाठी पुनर्विलोकनाचा हक्क पुस्तकातच राहतो. आरक्षण हे समाजाने आपल्याच वंचित बांधवांना दिलेले वचन आहे. ते खोट्या दाखल्याने मोडते, तसेच निष्काळजी निकालानेही मोडते. दोन्हीकडे सारखेच डोळे उघडे ठेवणे, हे शासनाचे आणि सजग समाजाचे कर्तव्य आहे.