जुना पासपोर्ट हातात असताना

मा. मुख्य पासपोर्ट अधिकारी,
परराष्ट्र मंत्रालय, नवी दिल्ली यांस,



तुमच्या विभागाकडे येणारी बहुतेक पत्रं तक्रारीचीच असणार. माझ्याही पत्रात मागण्या आहेत, पण जे चांगलं झालं ते आधी लिहिते, कारण ते मी जवळून पाहिलं आहे. आमच्या चिपळूणकडे पासपोर्ट हा हौसेचा कागद नाही. खाडीपट्ट्यातल्या कितीतरी घरांची चूल दुबई, कुवेत, दोहाच्या पगारावर पेटते. पूर्वी पासपोर्ट काढायचा म्हणजे मुंबईची खेप, एजंटाचे पैसे आणि महिनोन्‌महिने वाट बघणं. २०१७ च्या जानेवारीत म्हैसूर आणि दाहोदच्या टपाल कार्यालयांत पासपोर्ट केंद्रं सुरू झाली आणि पुढे ती लहान शहरांपर्यंत पोहोचली. २०१८ मध्ये तेव्हाच्या परराष्ट्रमंत्री सुषमा स्वराज यांनी देशात कुठूनही अर्ज करायची मुभा दिली. आता ठरल्या वेळेला माणूस आत जातो, टोकन घेतो, फोटो आणि बोटांचे ठसे देतो, कागद तपासून घेतो आणि बाहेर येतो. ज्यांनी हे उभं केलं त्यांचे मी मनापासून आभार मानते.

शाळेतून निवृत्त झाल्यापासून आमच्या आळीतले आणि आसपासच्या गावांतले लोक अर्ज भरायला माझ्याकडे येतात. पहिला पासपोर्ट काढणारी तरुण मुलं त्यात फारशी नसतात, ती मोबाईलवर आपली आपण भरतात. येतात ते जुना पासपोर्ट रुमालात किंवा प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून आणणारे, पन्नाशी-साठीचे लोक. दहा वर्षं झाली, मुदत संपत आली, आता काय करायचं, एवढाच त्यांचा प्रश्न असतो. हे पत्र त्यांच्या वतीने आहे.

माझं म्हणणं एकच आहे. पहिल्या वेळी सरकार त्या माणसाला ओळखत नव्हतं, म्हणून त्याने आपण कोण ते सिद्ध केलं. जन्माचा दाखला दाखवला, पत्ता दाखवला, पोलीस घरी येऊन गेले. दुसऱ्या वेळी त्याच्या हातात सरकारनेच दिलेला पासपोर्ट असतो. त्याचा फोटो, बोटांचे ठसे, आईवडिलांची नावं, जन्मगाव, सगळं तुमच्याकडे नोंदलेलं असतं. अशा वेळी त्याला फक्त काय बदललं तेवढंच विचारा. जे तुमच्याकडे आहे ते पुन्हा त्याच्याकडून भरून घेऊ नका, कारण पुन्हा भरतानाच चुका होतात आणि त्या चुकांनीच त्याची फाईल अडते.

हे नुसतं सोयीचं बोलणं नाही. आमच्याकडे नावं कशी लिहितात ते बघा. स्वतःचं नाव, मग वडिलांचं किंवा नवऱ्याचं, मग आडनाव. अर्जात रकाने दोन, नाव आणि आडनाव. मधलं नाव पहिल्या रकान्यात जोडायचं असतं हे कुणी सांगितलेलं नसतं. एकजण जोडतो, दुसरा सोडून देतो. शिवाय अर्ज इंग्रजी अक्षरांत. वडिलांचं नाव दत्तात्रय असेल, तर शाळेच्या दाखल्यावरून एकाने ते एका पद्धतीने लिहिलं, आधार काढताना ऑपरेटरने शेवटचं अक्षर गाळलं, बँकेत तिसरीच तऱ्हा. मराठीत लिहिलं तर तीनही ठिकाणी एकच माणूस, इंग्रजीत तीन. त्या माणसाने काही लपवलेलं नाही, कुणाला फसवलेलं नाही. पण काउंटरवर कागद जुळत नाहीत म्हणून त्याला परत पाठवलं जातं आणि तो घरी येऊन म्हणतो, "बाई, माझंच नाव चुकीचं निघालं." साठ वर्षांच्या माणसाने आपल्या बापाच्या नावाबद्दल असं म्हणावं, हे मला ऐकवत नाही.

बायकांचं तर विचारूच नका. आमच्या पिढीत लग्नात आडनाव बदलायचंच, पण पुष्कळ घरांत स्वतःचं नावही बदलायचे. शाळेत एक नाव, सासरी दुसरं, रेशनकार्डावर सासरचं, मुलाच्या दाखल्यावर कधी हे तर कधी ते. पहिला पासपोर्ट मुलाने घाईने काढून दिला, त्यावर माहेरचं नाव राहिलं. दहा वर्षांनी आधार, पॅन, बँक सगळं सासरच्या नावावर. आता नूतनीकरण करायचं तर नाव बदलावं लागतं. लग्नानंतर नाव बदललं असेल तर विवाह प्रमाणपत्र चालतं, ते नसेल तर नवराबायकोने एकत्र फोटो लावून करायची जोडघोषणा चालते. ही दुसरी सोय फार चांगली आहे. चाळीस-पन्नास वर्षांपूर्वी मांडवात लग्न झालेल्या जोडप्याकडे प्रमाणपत्र कुठून असणार? पण नवरा हयात नसेल तर? जोडघोषणेवर सही कोण करणार? मग तिला राजपत्रात नाव छापून आणा, नाहीतर दोन वर्तमानपत्रांत जाहिरात द्या, असं सांगितलं जातं. माझ्याकडे आलेल्या एका बाईंचं याच कारणाने मुलीकडे बाळंतपणाला जाणं राहून गेलं. अर्ज नाकारला असं कुणी म्हटलं नाही, कागद आणा एवढंच म्हटलं. कागद गोळा होईपर्यंत नातवंड झालेलं होतं.

म्हणून माझी पहिली मागणी विधवा आणि एकट्या बायकांसाठी आहे. नवऱ्याचा मृत्यूचा दाखला आणि दोघांची नावं असलेला कुठलाही जुना सरकारी कागद, मग तो रेशनकार्ड असो, पेन्शनचा आदेश असो किंवा मुलाचा जन्मदाखला, हा नूतनीकरणात नावबदलासाठी पुरेसा मानावा. २०१६ च्या डिसेंबरमध्ये तुमच्याच मंत्रालयाने नियम सोपे करताना परित्यक्ता आणि घटस्फोटित बायकांचा विचार केला होता, अर्जात नवऱ्याचं नाव देण्याची सक्ती काढली होती. त्याच वाटेने एक पाऊल पुढे टाका.

ज्यांच्या पासपोर्टवर एकच नाव आहे, त्यांची अडचण वेगळी. आमच्याकडे अशीही काही घरं आहेत, आडनावाचा रकाना कोराच राहिलेला. २०२२ च्या नोव्हेंबरात संयुक्त अरब अमिरातीने असं एकच नाव असलेल्या प्रवाशांना भेटीच्या व्हिसावर प्रवेश देणार नाही असं कळवलं, तेव्हा इकडे केवढी धावपळ झाली! नूतनीकरणाच्या वेळी तुमचा काउंटर हे पाहू शकतो. समोरच्या माणसाला आपणहून सांगा की आडनावाचा रकाना कोरा आहे, भरून घ्यायचा असेल तर आत्ताच घ्या.

मला सर्वांत जास्त राग येतो तो माहितीच्या उणिवेचा, कारण तिचा धंदा झाला आहे. मुदत संपायच्या आधी एक वर्षापासून नूतनीकरण करता येतं, हे माझ्याकडे येणाऱ्यांपैकी फार थोड्यांना ठाऊक असतं. पुष्कळ देश प्रवासाच्या वेळी पासपोर्टला सहा महिन्यांची मुदत शिल्लक मागतात, हे तिकीट काढल्यावर कळतं. नवा पासपोर्ट आला की त्याचा नंबर बदलतो, जुना रद्दचा शिक्का मारून परत मिळतो आणि त्यातला चालू व्हिसा तसाच वैध राहतो, त्यामुळे तो जुना पासपोर्ट फेकायचा नसतो, हेही सांगावं लागतं. मुदत संपून तीन वर्षांहून जास्त काळ गेला तर पोलीस पडताळणी टळत नाही. ३६ पानांच्या पासपोर्टला १५०० रुपये आणि ६० पानांच्या पासपोर्टला २००० रुपये, तत्काळ हवा असेल तर आणखी २००० रुपये, एवढंच शुल्क आहे. पण मोबाईलवर शोधलं की सरकारी वाटणाऱ्या पण सरकारी नसलेल्या साइट्स पुढे येतात, हुबेहूब अर्ज भरून घेतात, दुप्पट-तिप्पट पैसे कापतात आणि माणसाला अपॉइंटमेंटसुद्धा मिळत नाही. तुमच्या मंत्रालयाने अशा साइट्सबद्दल इशारे दिले आहेत हे मला माहीत आहे. ते इशारे दिल्लीच्या पत्रकात राहतात. ते प्रत्येक टपाल कार्यालयाच्या दारावर, ग्रामपंचायतीच्या फलकावर, महा ई-सेवा केंद्राच्या भिंतीवर मराठीत लागले पाहिजेत. खरी साइट एकच, शुल्क एवढंच, आणि शंका असेल तर १८००-२५८-१८०० हा मोफत नंबर. तीन ओळींचा फलक. त्याला किती खर्च येईल?

त्याच फलकावर चौथी ओळ पोलीस पडताळणीची हवी. नूतनीकरणात काही बदल नसेल तर पुष्कळदा पडताळणी लागत नाही किंवा पासपोर्ट मिळाल्यावर होते. पत्ता बदलला असेल, म्हणजे गावाहून मुलाकडे पुण्या-मुंबईला राहायला गेले असतील, तर लागते. या पडताळणीचे अर्जदाराकडून काहीही पैसे घ्यायचे नसतात. तरी दारात आलेल्या माणसाला चहापाण्याचे म्हणून नोट देणं ही रीतच होऊन बसली आहे, आणि म्हातारी माणसं नाही म्हणायला घाबरतात, कारण फाईल अडेल अशी भीती असते. मागणारे सगळेच असतात असं मी म्हणत नाही. पण अर्जदाराच्या मोबाईलवर तुम्ही संदेश पाठवताच. पडताळणीसाठी पोलीस येणार, त्यांना कोणतेही शुल्क द्यायचे नाही, असं एक मराठी वाक्य त्यात घाला. ते वाक्य हातात असलं की म्हाताऱ्या माणसाला नाही म्हणायचं बळ येतं.

आता पुराचं. २२ जुलै २०२१ ला वाशिष्ठी नदीचं पाणी चिपळुणात शिरलं तेव्हा कपाटांतले कागद भिजून लगदा झाले. त्यात पासपोर्टही होते. मुदत शिल्लक असलेला पासपोर्ट खराब झाला तर बदलून घ्यायला ३६ पानांसाठी ३००० रुपये लागतात, वर तो कसा खराब झाला याचं प्रतिज्ञापत्र. निष्काळजीपणासाठी जास्त शुल्क ठेवलं असेल तर ते मला समजतं. पण ज्याच्या घरात छातीइतकं पाणी आलं त्याने काय निष्काळजीपणा केला? २०१८ मध्ये केरळात पूर आला तेव्हा भिजलेले पासपोर्ट विनाशुल्क बदलून देण्याची घोषणा सुषमा स्वराज यांनीच केली होती. ती माणुसकी एखाद्या मंत्र्याच्या मनावर सोडू नये. आपत्तीग्रस्त म्हणून सरकारने जाहीर केलेल्या तालुक्यात तलाठ्याचा पंचनामा दाखवला की शुल्क माफ, असा कायमचा नियम करा. कोल्हापूर, सांगली, महाड, चिपळूण, आम्ही नदीकाठचे लोक दर पावसाळ्यात हा हिशेब मनात ठेवूनच झोपतो.

आखातात काम करणाऱ्यांसाठी एक छोटी गोष्ट. दहावी न झालेल्या माणसाच्या पासपोर्टवर परदेशी नोकरीसाठी परवानगी लागेल अशी नोंद असते. पन्नाशी उलटली की ती अट लागू राहत नाही. पण नूतनीकरणाच्या अर्जात तो प्रश्न वाचून माणूस जुन्या सवयीने तेच उत्तर देतो आणि नोंद तशीच पुढे जाते. जन्मतारीख तुमच्याकडे आहे. वय बघून ती नोंद आपोआप निघाली पाहिजे.

शेवटची मागणी पैशाची आहे, रक्कम लहान आहे, पण तिच्यामागचा विचार मला पटत नाही. साठ वर्षांवरच्यांना शुल्कात १० टक्के सवलत आहे, ती नव्या पासपोर्टला. नूतनीकरणाला नाही. साठीनंतर आयुष्यात पहिल्यांदाच पासपोर्ट काढणारे किती? बहुतेकांचा पहिला पासपोर्ट मुलगा किंवा मुलगी परदेशी गेल्यावर, पन्नाशीच्या आसपास निघालेला असतो. सत्तरीला त्यांना तो नूतन करायचा असतो, तेव्हा ते पेन्शनवर किंवा मुलांवर अवलंबून असतात. सवलत ज्यांच्यासाठी आहे असं सांगता, त्यांच्यातल्या बहुसंख्यांना ती मिळतच नाही. ही सवलत नूतनीकरणालाही लावा.

या मागण्यांपैकी बऱ्याचशा परिपत्रकाने होण्यासारख्या आहेत, काहींना नियमांत दुरुस्ती लागेल. पण विधवा बायकांच्या नावबदलाचं तेवढं आधी बघा. या महिन्यातही माझ्याकडे तशी एक बाई आली आहे. मुलगा मस्कतला असतो, पासपोर्टची मुदत डिसेंबरात संपते, आणि तिच्याजवळ नवऱ्याचा मृत्यूचा दाखला आणि जुनं रेशनकार्ड आहे. तिला मी काय सांगू, ते तुमच्याकडून लेखी कळावं.

आपली नम्र,
एक निवृत्त शिक्षिका, चिपळूण