नुक्कडवरचा करीम

‘नुक्कड’मधला करीम हजाम आठवतो का? १९८६ मध्ये दूरदर्शनवर आलेल्या या मालिकेत गुरू विजेची कामं करायचा, हरी सायकली दुरुस्त करायचा, कादरभाई हॉटेल चालवायचा आणि करीम केस कापायचा. ती भूमिका करणारे जावेद खान अमरोही १४ फेब्रुवारी २०२३ रोजी मुंबईत अल्लाहला प्यारे झाले. महिनाभरात ‘खोपडी’ करणारे समीर खक्करही गेले.

पडद्यावरचा मुसलमान म्हणजे एक तर नवाब, नाही तर गुंड, असं आपण खूप पाहिलं. करीम आपला शेजारी होता. नुक्कडवरच्या सगळ्यांना असते तीच पोटापाण्याची काळजी त्यालाही होती. म्हणून तो घराघरांत आपला वाटला.

पुढे ‘लगान’मध्ये ते राम सिंग झाले, ‘चक दे! इंडिया’त सुखलाल. लोक चेहरा ओळखायचे, नाव मात्र पटकन आठवायचं नाही. दुय्यम भूमिका करणाऱ्याच्या नशिबी हेच येतं. दोन-चार प्रसंग मिळतात, तेवढ्यात माणूस उभा करायचा.

आमच्या घरांत मुलानं नट व्हायचं म्हटलं की पहिला प्रश्न येतो, ‘हिरो होणार का?’ करीमसारखं काम करणार का, असं आम्ही कधी विचारत नाही.

खरं तर शादीत देगीपाशी रात्र काढणारा आणि मय्यतीत कफनासाठी धावणारा प्रत्येक खानदानात असतो. त्याचं नाव आम्ही किती वेळा घेतो?