गणित चुकले, आयत नाही



गेल्या महिन्यात माझा नववीतला भाचा मोबाईल घेऊन धावत आला. "खाला, हे बघा! प्रकाशाचा वेग कुरआनमध्ये आधीच दिलेला आहे. विज्ञान प्रदर्शनात मी हेच मांडणार!"

हा मेसेज तुमच्यापैकीही अनेकांना आला असेल. सूरह अस्-सज्दाच्या पाचव्या आयतीत अशा एका दिवसाचा उल्लेख आहे, ज्याचे माप आपल्या मोजणीने हजार वर्षे आहे. त्यावरून कोणीतरी सिद्धांत बांधला, की चंद्र हजार वर्षांत जितके अंतर कापतो, तितके प्रकाश एका दिवसात कापतो.

मी म्हटले, "वही-पेन आण. आधी आपण करून पाहू."

चंद्राची पृथ्वीभोवतीची एक फेरी साधारण २४ लाख किलोमीटरची. वर्षाला १२ फेऱ्या धरल्या, तर हजार वर्षांत १२,००० फेऱ्या. गुणाकार केला आणि दिवसाच्या ८६,४०० सेकंदांनी भागले. उत्तर आले सेकंदाला सुमारे ३,३३,००० किलोमीटर. प्रकाशाचा वेग आहे २,९९,७९२ किलोमीटर. म्हणजे ३३ हजारांचा फरक!

मग मेसेजमध्ये उत्तर जुळले कसे? सूर्याच्या आकर्षणाचे कारण पुढे करून तिथे एका कोनाच्या कोसाइनने गुणले होते. उत्तर आधीच माहीत असले, की तिथे पोहोचवणारा कोन शोधता येतो. वर्गात याला आपण कॉपी म्हणतो. शिवाय त्या आयतीत ना चंद्राचा उल्लेख आहे, ना प्रकाशाचा. आणि सूरह अल्-मआरिजच्या चौथ्या आयतीत दिवसाचे माप पन्नास हजार वर्षे आले आहे. तेच गणित तिथे लावले, तर प्रकाशाचा वेग पन्नास पट होईल!

मुलगा गप्प झाला. मग हळूच म्हणाला, "खाला, मग आयत चुकीची?"

माझ्या काळजात चर्र झाले. या मेसेजचा खरा धोका हाच आहे. आपण अल्लाहचे कलाम कच्च्या गणिताला टांगतो. उद्या गणित तुटते आणि मुलाला वाटते, की ईमानच तुटले. मी म्हटले, "बेटा, चुकला तो हिशेब करणारा माणूस. आयत आपल्याला हिदायत देण्यासाठी आहे. तिला कोसाइनच्या आधाराची गरज नाही."

मग मी त्याला इब्न अल्-हैसम यांच्याबद्दल सांगितले. सुमारे ९६५ साली बसऱ्यात जन्मलेल्या आणि पुढे कैरोत राहिलेल्या या विद्वानाने 'किताबुल मनाज़िर' हा प्रकाशावरचा सात भागांचा ग्रंथ लिहिला. डोळ्यांतून किरण निघून वस्तूवर पडतात, हे जुने मत त्यांनी खोडून काढले. प्रकाश कितीही वेगवान असला, तरी त्याला प्रवासाला वेळ लागतो, हेही त्यांनी मांडले. पूर्वीच्या मोठ्या विद्वानांचे लिखाणही तपासून घ्यावे आणि स्वतःच्या समजुतीवरही शंका घ्यावी, ही त्यांची शिकवण. पुढे १६७६ मध्ये पॅरिसमध्ये रोमर यांनी गुरूच्या चंद्राची ग्रहणे मोजून दाखवून दिले, की प्रकाशाला खरोखरच वेळ लागतो.

भाच्याने प्रदर्शनाचा विषय बदलला. त्याच्या तक्त्यावर आता लिहिले होते: ईदचा चांद आपल्याला दिसतो, तेव्हा त्याचा प्रकाश सव्वा सेकंदापूर्वी निघालेला असतो. सूर्याचा प्रकाश पोहोचायला आठ मिनिटे वीस सेकंद लागतात. हे खरे आहे, आणि काय कमी अद्भुत आहे?

माता-पित्यांनो, असा मेसेज आला, की पुढे पाठवण्याआधी मुलांसोबत वही घेऊन बसा. आयत उघडून तिच्या मागची-पुढची आयतही वाचा, आणि अर्थ जाणकार आलिमांना विचारा. कुरआनच्या नावाने चुकीची गोष्ट पसरवणे हीही आपली जबाबदारी ठरते.

अल्लाह आपल्या मुलांना खरे इल्म आणि पक्के ईमान देवो. आमीन.