दुसरी बाजू कोणाची?

अनुबोधपट म्हटला कीं आमच्या सुशिक्षित वर्गाची एक ठराविक तक्रार कानीं येते: हा प्रचार आहे, कला नव्हे, यांत दुसरी बाजू नाहीं. श्री. आनंद पटवर्धन यांच्या चित्रपटांवर तर हा आक्षेप वर्षानुवर्षें घेतला जात आहे. आक्षेपकांस आमचा एक साधा प्रश्न आहे. 'फिल्म्स डिव्हिजन' ही सरकारी संस्था १९४८ सालीं निघाली, आणि पुढें कित्येक दशकें तिचे अनुबोधपट चित्रगृहांत मुख्य खेळाआधीं सक्तीनें दाखविले जात. धरणें, कारखाने, उद्घाटनें आम्हीं निमूटपणें पाहिलीं. धरणाखालीं ज्याचें शेत गेलें त्याची बाजू यांत कां नाहीं, असें त्या वेळीं आमच्यापैकीं किती जणांनीं विचारलें? एकांगीपणा आम्हांला बोचत नाहीं. तो आमच्या अंगावर आला म्हणजे मात्र बोचतो!

वस्तुतः आक्षेपच खोटा आहे. 'हमारा शहर' (१९८५) या चित्रपटांत मुंबईच्या झोपड्या पाडल्या जातात. पण त्यांत अधिकारी बोलतात, सुखवस्तु नागरिकही मोकळेपणानें बोलतात. दुसरी बाजू तेथें आहे, आणि ती आपली आहे. आरशांत आपलाच चेहरा दिसला म्हणून आरसा पक्षपाती ठरत नाहीं. इतकेंच नव्हे, तर तुमच्या चित्रणाचा आम्हांला काय उपयोग, अशी झोपडीवासी बाईनें खुद्द चित्रकर्त्याचीच केलेली कानउघाडणीही त्यांनीं गाळलेली नाहीं. प्रतिपक्षास इतका मान आमचे किती टीकाकार देतात?

याच चित्रपटांत शाहीर विलास घोगरे यांचें गाणें आहे. ११ जुलै १९९७ रोजीं घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरांत डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. क्षुब्ध झालेल्या लोकांवर पोलिसांनीं गोळ्या झाडल्या आणि दहा जीव गेले. त्यानंतर कांहीं दिवसांतच घोगऱ्यांनीं आत्महत्या केली. त्या मृत्यूचा माग काढीत पटवर्धनांनीं चौदा वर्षें चित्रण केलें, आणि २०११ सालीं 'जय भीम कॉम्रेड' पुरा झाला. चौदा वर्षें खपून कोणी भित्तिपत्रकें लिहीत नसतो!

पटवर्धन तटस्थ नाहींत, हें आम्ही मान्य करतों. त्यांचा प्रत्येक निष्कर्ष आम्हांस पटतो असेंही नाहीं. परंतु मारणारा आणि मार खाणारा यांच्यामध्यें समान अंतरावर उभें राहणें याला न्यायबुद्धि म्हणत नाहींत.

सरकारी अडथळे न्यायालयांनीं दूर केले. 'वॉर अँड पीस'ला सेन्सॉर मंडळानें सुचविलेली काटछांट मुंबई उच्च न्यायालयानें २००३ सालीं रद्द केली. 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध' दाखविण्यास सर्वोच्च न्यायालयानें २००६ सालीं दूरदर्शनला भाग पाडलें. पण न पाहतांच नाक मुरडणाऱ्या सुशिक्षितांवर हुकूम बजावील असें न्यायालय कोठें आहे? तें ज्याचें त्यानें आपल्याच घरांत भरवावयाचें आहे.