शेत विकण्याआधी प्रवेशाचे नियम वाचा

येळ्ळूरच्या शिवारात भात पिकवून मुलांना शिकवणारी आपली जुनी घराणी आता पदवीच्या पुढचा विचार करू लागली आहेत, ही आनंदाची गोष्ट आहे. मुलगा बी. कॉम. झाला, मुलगी इंजिनिअर झाली की घरात एमबीएचा विषय निघतो. मग कोणीतरी अहमदाबादच्या आयआयएमची फी सांगतो आणि विषय तिथेच संपतो. नाहीतर शेताचा तुकडा विकून कुठल्यातरी कॉलेजात मॅनेजमेंट कोट्यातून जागा घेतली जाते. दोन्हींत नुकसान आपलेच आहे.

फी भरमसाट वाढली हे खरेच. २००४ साली मुरली मनोहर जोशी केंद्रात मंत्री असताना आयआयएमची वार्षिक फी सुमारे दीड लाखावरून ३० हजारांवर आणण्याचा आदेश निघाला होता. संस्थांनी स्वायत्ततेचा मुद्दा पुढे केला, त्याच वर्षी सरकार बदलले आणि आदेश बासनात गेला. २००८ मध्ये अहमदाबादची दोन वर्षांची फी साडेअकरा लाख झाली. आज ती २५ लाखांच्या घरात आहे. जनतेच्या पैशांवर उभ्या राहिलेल्या संस्थांची ही फी शेतकऱ्याच्या पोराला धडकी भरवणारी आहे, हे सांगायला आम्ही कचरणार नाही.

परंतु बांधवहो, फीच्या आधी प्रवेश मिळावा लागतो. आपली मुले अडतात ती तिथे. आयआयएमची कॅट परीक्षा दोन तासांची आणि फक्त इंग्रजीत असते. त्यात इंग्रजी आकलन, तर्क व माहितीचे विश्लेषण आणि गणित असे तीन भाग असतात. शिवाय अहमदाबाद, बंगळूरसारख्या संस्था दहावी-बारावीचे गुणही हिशेबात धरतात. म्हणजे मराठी शाळेतल्या मुलाने दहावीत केलेली हयगय त्याला बाविसाव्या वर्षी भोवते. हे पालकांना दहावीआधी कोण सांगतो?

आणि आयआयएम म्हणजे सर्वस्व नव्हे. मुंबई विद्यापीठाची जमनालाल बजाज संस्था १९६५ पासून नावाजलेली आहे आणि तिची फी आयआयएमच्या मानाने कितीतरी कमी आहे. तेथील बहुतेक जागा महाराष्ट्राच्या सीईटीमार्फत भरतात. महाराष्ट्राने दावा सांगितलेल्या ८६५ गावांत शिकलेल्या, मराठी मातृभाषेच्या विद्यार्थ्यांना या प्रवेशप्रक्रियेत महाराष्ट्राचे उमेदवार मानले जाते. त्यासाठी दोन दाखले लागतात : एक सीमाभागाचा, दुसरा मातृभाषेचा. अर्थात दाखला म्हणजे गुण नव्हेत. बजाजसाठी सीईटीत अगदी वरच्या रांगेत यावे लागते. पण दरवाजा उघडा असताना तो ठोठावायचाच नाही, याला काय म्हणावे?

कर्जाचेही तसेच. नोव्हेंबर २०२४ मध्ये मंजूर झालेल्या पीएम विद्यालक्ष्मी योजनेत देशातील निवडक दर्जेदार संस्थांत गुणवत्तेवर प्रवेश मिळाल्यास तारण व जामीनदाराविना कर्ज मिळते. कुटुंबाचे वार्षिक उत्पन्न आठ लाखांपर्यंत असेल, तर दहा लाखांपर्यंतच्या कर्जाच्या व्याजात तीन टक्के सवलत आहे. मॅनेजमेंट कोट्यातून घेतलेल्या जागेला मात्र ही योजना लागू नाही. म्हणजे गुणांवर मिळालेल्या जागेसाठी शेत राखता येते आणि पैशाने घेतलेल्या जागेसाठी ते विकावे लागते.

सीमाप्रश्नासाठी आपण मोर्चे काढले, २०१४ साली येळ्ळूरने फलकासाठी लाठ्या खाल्ल्या. त्या लढ्यामुळे मिळालेल्या सवलती कागदावर पडून राहणे हा त्या लढ्याचाच अपमान आहे. आमची कार्यकर्त्यांना विनंती आहे की, दरवर्षी सीईटीचे अर्ज सुटण्यापूर्वी गावोगावी दाखल्यांसाठी मदत केंद्र उघडावे आणि आठवीपासून इंग्रजी व गणिताचे वर्ग चालवावेत. पालकांनी शेताचा सौदा करण्याआधी एवढेच विचारावे : या कॉलेजातून गेल्या वर्षी किती मुलांना नोकरी लागली आणि किती पगाराची? उत्तर टाळले, तर तिथून उठून घरी यावे. पिढ्यान्‌पिढ्या राखलेली जमीन एका पदवीच्या कागदासाठी घालवू नका.