पुतळा आंबेडकरांचा, गाव अमेरिकेतले; यवतमाळच्या चौकाशी त्याचे नाते काय?

ऑक्टोबर २०२३. अमेरिकेतील मेरीलँड राज्यात, वॉशिंग्टनच्या दक्षिणेला असलेल्या अॅकोकीक या छोट्या गावात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या १९ फुटी पुतळ्याचे अनावरण झाले. तारीख मुद्दाम निवडलेली होती, १४ ऑक्टोबर. नागपूरच्या धम्मदीक्षेचा दिवस. पुतळा घडवला धुळे जिल्ह्यातील गोंदूरचे शिल्पकार राम सुतार यांनी. त्याच महिन्यात शेजारच्या व्हर्जिनियातील शार्लट्सव्हिल शहराचा एक जुना पुतळा भट्टीत वितळवण्यात आला. तो होता गुलामगिरी टिकवण्यासाठी लढलेल्या दक्षिणेच्या सैन्याचा सेनापती रॉबर्ट ली याचा.

एक पुतळा उभा राहिला, एक वितळला. अमेरिकेत पुतळ्यांवरून गेली काही वर्षे जे चालले आहे, ते विदर्भातल्या वाचकाला अनोळखी वाटायला नको.

लीचा पुतळा का गेला?

अमेरिकेचे यादवी युद्ध १८६५ मध्ये संपले. शार्लट्सव्हिलमधला लीचा पुतळा मात्र बसवला १९२४ मध्ये, म्हणजे तब्बल ५९ वर्षांनी. दक्षिणेतील असे बहुतेक पुतळे युद्धानंतर लगेच नव्हे, तर कृष्णवर्णीयांना वेगळे डबे, वेगळ्या शाळा, वेगळे नळ अशी सक्ती करणारे कायदे जोरात असताना उभे राहिले. ‘वेगळा नळ’ म्हणजे काय, हे महाराष्ट्रात कोणाला समजावून सांगावे लागत नाही. पुतळा सेनापतीचा असला तरी निरोप त्या काळच्या कृष्णवर्णीय शेजाऱ्यांसाठी होता. २०१७ मध्ये तो हटवण्याच्या निर्णयाविरोधात वर्णवर्चस्ववादी रस्त्यावर उतरले, त्यात एका महिलेचा जीव गेला. अखेर जुलै २०२१ मध्ये पुतळा उतरवला गेला.

मग अर्थ ठरवतो कोण?

याचे उत्तम उदाहरण वॉशिंग्टनमधील लिंकन स्मारक. योगायोग असा, की संगमरवरातला बसलेला लिंकनही १९ फुटीच आहे. शिल्पकार डॅनियल चेस्टर फ्रेंच. दगडात प्रत्यक्ष कोरीवकाम केले ते इटलीहून आलेल्या पिचिरिल्ली बंधूंनी. गुलामांना मुक्त करणाऱ्या अध्यक्षाच्या या स्मारकाचे लोकार्पण ३० मे १९२२ रोजी झाले, तेव्हा कृष्णवर्णीय निमंत्रितांना वेगळे बसवले होते! पुढे १९३९ मध्ये कृष्णवर्णीय गायिका मॅरियन अँडरसन याच पायऱ्यांवर गायल्या. १९६३ मध्ये मार्टिन ल्यूथर किंग इथेच बोलले. मूर्ती तीच राहिली, तिच्यासमोर उभे राहणारे लोक बदलले आणि अर्थही बदलला.

यवतमाळ, पुसद, वणी, उमरखेड… कुठेही पाहा. निळा कोट, हातात संविधान, उंचावलेले बोट. १४ एप्रिल आणि ६ डिसेंबरला तिथे गर्दी असतेच, पण एरवीही जिल्हाधिकारी कार्यालयावर जाणारे कितीतरी मोर्चे पुतळ्याला हार घालूनच निघतात. कलासमीक्षक या पुतळ्यांकडे फारसे वळत नाहीत. एकसारखे, ठोकळेबाज म्हणून सोडून देतात. ही चूक आहे. ज्या वस्तीला गावाच्या मध्यभागी जागा नव्हती, तिने मुख्य रस्त्यावर आपला माणूस उभा केला, तोही सूट-बुटात. यात कला कमी असेल, पण विधान ठाम आहे. त्या सुटाचा एक धागा न्यूयॉर्कलाही जातो. १९१३ ते १९१६ या काळात बाबासाहेब कोलंबिया विद्यापीठात शिकले.

पैसा कोणाचा?

गावातल्या पुतळ्यामागे बहुधा लोकवर्गणी असते. अमेरिकेचा सर्वांत प्रसिद्ध पुतळाही याला अपवाद नाही. स्वातंत्र्यदेवीची मूर्ती फ्रान्सने दिली, पण चौथऱ्यासाठी पैसे नव्हते. १८८५ मध्ये जोसेफ पुलित्झर यांनी आपल्या वर्तमानपत्रातून आवाहन केले आणि सव्वा लाखाच्या आसपास लोकांनी मिळून एक लाखाहून अधिक डॉलर दिले. बहुतेकांची वर्गणी एका डॉलरहूनही कमी होती. १८८६ मध्ये अनावरण झाले, तेव्हा कृष्णवर्णीयांच्या एका वृत्तपत्राने मात्र विचारले होते, हे स्वातंत्र्य आमच्यासाठी आहे का?

आतला सांगाडा महत्त्वाचा

या देवीच्या अंगावरचा तांब्याचा पत्रा जेमतेम २.४ मिलिमीटर जाडीचा आहे. भार पेलतो तो गुस्ताव्ह आयफेलने उभारलेला लोखंडी सांगाडा. तांबे आणि लोखंड यांच्यामधले आवरण झिजले, दमट समुद्री हवेत दोन धातूंचा संपर्क आला आणि लोखंड गंजत गेले. शंभरीआधी, १९८६ पर्यंत, पत्र्याला धरणाऱ्या पट्ट्या बदलून स्टेनलेस स्टीलच्या बसवाव्या लागल्या.

हे वाचताना मालवण आठवते. राजकोट किल्ल्यावरचा छत्रपती शिवाजी महाराजांचा ३५ फुटी पुतळा ४ डिसेंबर २०२३ रोजी उभा राहिला आणि २६ ऑगस्ट २०२४ रोजी कोसळला. चौकशीत गंज, कमकुवत सांगाडा आणि सदोष वेल्डिंग ही कारणे पुढे आली. नवा, ६० फुटी पुतळा राम सुतार यांच्याकडून घडवून घेण्यात आला.

नियम काय सांगतात?

रस्ते, पदपथ अशा सार्वजनिक जागांवर पुतळ्यांना परवानगी देऊ नका, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने १८ जानेवारी २०१३ रोजी दिला. राज्याच्या २०१७ च्या मार्गदर्शक सूचनांनुसार स्थानिक संस्थेचा ठराव, पोलिसांचे ना-हरकत, मातीच्या नमुन्याला कला संचालनालयाची मान्यता आणि शेवटी जिल्हा प्रशासनाची परवानगी लागते. त्याच व्यक्तीचा पुतळा दोन किलोमीटरच्या आत नसावा, अशीही अट आहे.

कागदपत्रांची ही वाट लांब असते. म्हणूनच कधी कधी रातोरात चौथरा बांधला जातो, सकाळी पोलीस येतात आणि गाव दोन बाजूंना उभे राहते. परवानगी घेऊन उभारलेल्या पुतळ्याची देखभाल आणि पावित्र्य राखण्याची जबाबदारीही तो उभारणाऱ्यांवरच असते. अर्ज करताना या ओळीकडे फार कमी जणांचे लक्ष जाते.